उसनी विशेषणे, सुटे दगड

गडचिरोली जिल्ह्यातील चामोर्शी तालुक्यात वैनगंगेच्या काठी मार्कंडा हे गाव आहे. दक्षिणेकडे वाहत आलेली नदी येथे वळसा घेऊन काही अंतर उत्तरवाहिनी होते आणि त्या वळणावरील उंचवट्यावर दगडी मंदिरांचा एक समूह उभा आहे. या समूहाविषयी मराठीत जे काही लिहिले जाते त्यात दोन विशेषणे हटकून येतात. लिहिणारा भाविक असेल तर ‘विदर्भाची काशी’ आणि पर्यटक असेल तर ‘विदर्भाचे खजुराहो’. दोन्ही विशेषणे गौरवासाठीच योजलेली आहेत, यात शंका नाही. परंतु ती पुन्हा पुन्हा वाचताना मनात येते की काशी गंगेच्या काठी आहे, खजुराहो बुंदेलखंडात आहे. मग वैनगंगेच्या काठी नेमके काय आहे?

प्रस्तुत लेखाचा विषय हाच प्रश्न आहे. जुन्या वास्तूंच्या जतनाविषयीची आपल्याकडील चर्चा बहुधा निधी, खाते आणि कायदा यांच्यापाशी सुरू होते आणि तेथेच संपते. ती वास्तू आपण कोणत्या शब्दांतून पाहतो, याचा विचार त्या चर्चेत येत नाही. तो साहित्यिकांचा प्रांत मानला जातो. वास्तविक, काय राखायचे आणि काय काढून टाकायचे हे पुष्कळदा शब्दच आधी ठरवून ठेवतात. ‘खजुराहो’ म्हटले की बाह्यभिंतींवरील शिल्पपट्ट तेवढे डोळ्यांत भरतात. ‘काशी’ म्हटले की गाभारा आणि महाशिवरात्रीची यात्रा. या दोहोंत जे बसत नाही ते अडगळ ठरते. मार्कंड्याच्या बाबतीत असे न बसणारे पुष्कळ आहे आणि माझ्या मते तेच त्या स्थळाचे खरे चरित्र आहे.

या मंदिरांचे पहिले पद्धतशीर वर्णन अलेक्झांडर कनिंगहॅम यांनी केले. ते मूळचे लष्करी अभियंते, पुढे भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाचे प्रमुख. १८७३-७४ च्या दौऱ्यात ते येथे आले आणि त्यांच्या अहवालाच्या नवव्या खंडात, जो १८७९ साली प्रसिद्ध झाला, या स्थळाचे वर्णन आले. त्या अहवालाची भाषा आज वाचताना रुक्ष वाटते. फुटांची मापे, मूर्तींची मोजदाद, खांबांची जाडी. पण त्या रुक्षपणात एक प्रामाणिकपणा आहे. खजुराहोच्या मंदिरांशी असलेले शैलीचे साम्य त्यांनी नोंदवले, ते एका तज्ज्ञाने दुसऱ्या तज्ज्ञांसाठी केलेले निरीक्षण म्हणून. त्याचबरोबर त्यांनी आणखी एक गोष्ट नोंदवली. फार पूर्वी मुख्य मंदिरावर वीज पडली, शिखराचा वरचा भाग कोसळून पुढच्या मंडपाच्या छतावर आला आणि पुढे एका गोंड राजाने या मोडलेल्या मंदिराची डागडुजी करवली, असे त्यांना स्थानिक लोकांकडून कळले.

नंतरच्या लेखकांनी, आणि यात १९०९ च्या चांदा जिल्हा गॅझेटियरपासून आजच्या सहलीच्या पुस्तिकांपर्यंत सारे आले, कनिंगहॅम यांच्याकडून मापे आणि स्तुती घेतली. शैलीचे साम्य हळूहळू टोपणनाव होऊन बसले. विजेची कथा गॅझेटियरने तरी ठेवली, पुस्तिकांनी गाळली. डागडुजीचा उल्लेख आलाच तर तो खंत व्यक्त करण्यापुरता येतो, की मूळ सौंदर्य पुढच्या काळातील ओबडधोबड कामाने झाकले गेले.

ही खंत मला मान्य नाही. दहाव्या-अकराव्या शतकांच्या सुमारास घडवलेले एक शैव मंदिर, त्याला काही शतकांनी लागलेली वीज आणि ज्यांचा मूळ कुलदेव वेगळा, ज्यांची बांधणीची रीत वेगळी, अशा गोंड राज्यकर्त्यांनी आपल्या ऐपतीप्रमाणे त्याला दिलेला टेकू, हे सारे मिळून मार्कंडा होते. टेकू सुबक नसेल. पण त्या टेकूमुळे मंदिर उभे राहिले, म्हणूनच कनिंगहॅम यांना शिल्पे मोजता आली. वास्तुसंवर्धनाच्या क्षेत्रात ज्या दस्तऐवजाला प्रमाण मानतात तो १९६४ चा व्हेनिसचा जाहीरनामा हेच सांगतो. एखाद्या स्मारकात जितक्या काळांनी भर घातली असेल त्या सर्वांचा मान राखावा, शैलीची एकरूपता हे संवर्धनाचे ध्येय नव्हे, असा त्याचा आशय आहे. खजुराहो शोधायला निघालेल्या डोळ्यांना गोंडांचे काम दिसते ते डाग म्हणून.

आणि हा केवळ शब्दांचा वाद नाही. गेल्या दशकात पुरातत्त्व खात्याने मुख्य मंदिराचे खिळखिळे झालेले वरचे भाग उतरवून पुन्हा रचण्याचे काम हाती घेतले. अशा कामात उतरवलेल्या दगडांची नोंद करून, नंतर तेच दगड त्याच जागी बसवावयाचे असतात. काम मध्येच थांबले. वर्षामागून वर्षे गेली. महाशिवरात्रीला दुरून येणाऱ्या यात्रेकरूंनी उघडे पडलेले मंदिर आणि आवारात ठेवलेले सुटे दगड पाहिले, निवेदने दिली गेली, आश्वासने मिळाली. विलंबाची कारणे प्रशासकीय असतील; त्यांचा निवाडा करण्याचा अधिकार माझा नाही. मला एवढेच म्हणावयाचे आहे की वीज पडल्यावर गोंड राजाने जे केले ते ओबडधोबड असले तरी पुरे केले.

चंद्रपूरकडे वळले की चित्र पालटते. तेथील वारसा नदीकाठच्या एकांतात नाही, तो शहराच्या पोटातून जातो. इरई आणि झरपट या दोन नद्यांच्या मधल्या भूमीवर गोंड राजांनी राजधानी वसवली आणि तिच्याभोवती दहा किलोमीटरांहून अधिक लांबीचा परकोट बांधला. जटपुरा, अंचलेश्वर, बिनबा आणि पठाणपुरा हे त्याचे चार दरवाजे. शिवाय छोट्या खिडक्या. या परकोटाच्या जन्माची कथा अनेकांना ठाऊक असेल. अंगावरील गाठींनी त्रस्त झालेल्या खांडक्या बल्लाळशहाने झरपटीच्या पात्रातील पाण्याने तोंड धुतले आणि त्याला गुण आला. पुढे शिकारीत एका सशाने उलट त्याच्याच कुत्र्याचा पाठलाग केला. राणीने ही शुभखूण मानून, ससा ज्या वाटेने धावला त्या वाटेवर तट उभारण्याचा सल्ला दिला. तटाची आखणी तेलठाकूर नावाच्या कारागिरांकडे सोपवली गेली आणि काम काही पिढ्या चालून धुंड्या रामशहाच्या कारकिर्दीत पुरे झाले, असे परंपरा सांगते. ही परंपरा कागदावर आली ती मुख्यतः १८६९ मध्ये, मेजर ल्युसी-स्मिथ या इंग्रज अधिकाऱ्याच्या जमीन महसुलाच्या अहवालात. सशाची गोष्ट शेतसाऱ्याच्या हिशेबात जपली गेली, याची मौज वाटते. राजांचा अनुक्रम आणि त्यांची वर्षे यांबाबत हा अहवाल काटेकोर कसोटीला उतरत नाही, हे पुढील अभ्यासकांनी दाखवले आहे. तरी आपले बहुतेक लेखन अजून त्याच यादीवर विसंबून चालते.

दरवाजांवर गोंडांचे राजचिन्ह कोरलेले आहे, हत्तीला नमवणारा सिंह. त्याखालून रोज हजारो वाहने जातात. १८१८ च्या मे महिन्यात इंग्रजांच्या तोफांनी याच तटाला खिंडार पाडून शहर घेतले. पुढे १९६४ साली चांद्याचे नाव चंद्रपूर झाले, कोळसा आणि वीज यांचे शहर म्हणून ते वाढले आणि तट तेथेच राहिला. कायद्याने संरक्षित, पण व्यवहारात झुडपांच्या मुळांनी पोखरलेला, कचऱ्याने वेढलेला. तटावर चढता येते, हेही अनेक चंद्रपूरकरांना माहीत नव्हते.

१ मार्च २०१७ रोजी ‘इको-प्रो’ या स्थानिक संस्थेच्या तरुणांनी हा तट झाडण्यास आरंभ केला. झाडणे हाच शब्द योग्य आहे. कोयते, फावडी, टोपल्या, खराटे. रोज सकाळी काही तास, शेकडो दिवस. बुरुजांवरील रान काढले गेले, तटावरची चालण्याची वाट मोकळी झाली. त्याच वर्षी पंतप्रधानांनी आकाशवाणीवरील ‘मन की बात’ मध्ये या कामाचा गौरव केला, तो यथोचितच होता. फक्त एक खटकले. त्यानंतर या कामावर जे जे लिहिले गेले, त्यात स्वच्छता होती आणि तट नव्हता. सशाची वाट नव्हती, तेलठाकूर नव्हते, हत्ती आणि सिंह नव्हते. मार्कंड्याला खजुराहोचे विशेषण चिकटले तसे चंद्रपूरच्या तटाला स्वच्छता अभियानाचे चिकटले. ज्या मुलांनी हातात खराटा घेतला त्यांना मात्र, माझी खात्री आहे, कोणत्या बुरुजाचा कोणता दगड हलतो हे एखाद्या अभ्यासकापेक्षा अधिक चांगले ठाऊक झाले असेल.

येथे राणी हिराईची आठवण होणे साहजिक आहे. अठराव्या शतकाच्या आरंभी तिचा पती बीरशहा आपल्याच रक्षकाच्या, हिरामणच्या हातून मारला गेला. तिने अंचलेश्वराजवळ त्याची समाधी बांधवली. ती आजही चंद्रपूरच्या सर्वांत देखण्या वास्तूंपैकी एक आहे. आपल्याकडे पत्नीच्या स्मरणार्थ उभारलेल्या कबरीचे कौतुक प्रत्येक शाळकरी मुलाला पाठ असते, पतीसाठी राणीने बांधवलेली ही समाधी विदर्भाबाहेर क्वचितच कोणाला ठाऊक असते. (येथेही ‘चंद्रपूरचा ताजमहाल’ म्हणण्याचा मोह अनेकांना आवरत नाही, तो मी आवरतो.) हिराईचे मोठेपण मला तिच्या दुसऱ्या कामात अधिक दिसते. तिने जुन्या महाकाली मंदिराची पुनर्बांधणी करवली. तेथे चैत्रात आजही यात्रा भरते, नांदेडकडून आणि तेलंगणातून यात्रेकरू येतात, झरपटीच्या काठी उतरतात. समाधीला पुरातत्त्व खाते राखते, महाकालीला यात्रेकरू. दोन्ही एकाच बाईने उभी केलेली. त्यांपैकी दुसरीची भिंत पडली तर दुसऱ्या दिवशी सकाळी गवंडी हजर होईल, हे सांगावयास नको.

आता गडचिरोलीच्या रानात, धानोरा तालुक्यातील मेंढा (लेखा) या गावी यावे लागेल. कारण माझ्या मते या सर्व प्रश्नाचा उलगडा तेथे होतो आणि तेथे एकही प्राचीन दगड नाही. गोंडांच्या गावात गोटूल असते. गावाने एकत्र बसण्याचे, पाहुणा उतरवण्याचे, तरुणांनी नाचगाण्याने रात्र जागवण्याचे ते घर. या शब्दालाही बाहेरून एक विशेषण चिकटले आहे. व्हेरिअर एल्विन यांनी १९४७ साली बस्तरच्या मुरियांच्या गोटुलावर मोठा ग्रंथ प्रसिद्ध केला. हे एल्विन मूळचे अँग्लिकन धर्मगुरू, १९२७ मध्ये पुण्याच्या ख्रिस्त सेवा संघात आले, पुढे चर्चपासून दुरावले आणि आदिवासींच्या अभ्यासात रमले. त्यांच्या ग्रंथाची योग्यता वादातीत आहे. पण त्यातील तरुण-तरुणींच्या सहवासाचे वर्णन तेवढे जगाने उचलले आणि ‘गोटूल’ म्हणजे काहीतरी चवीने बोलण्याचा विषय, अशी समजूत शिकलेल्या लोकांत पसरली. मुरियांची रीत एक, गडचिरोलीची रीत दुसरी, हा भेद कोण करतो? त्या कुजबुजीमुळे कित्येक गावांनी आपले गोटूल लाजेने मोडू दिले.

मेंढ्याच्या लोकांनी १९८० च्या दशकात आपले मोडकळीस आलेले गोटूल पुन्हा उभारण्याचे ठरवले. गोटूल सागवानाच्या खांबांचे असते, ही रीत. रानातून साग आणणे हा कायद्याने गुन्हा. वनखात्याने ते गोटूल पाडले. गाव गप्प बसले नाही. आसपासची गावे एकत्र आली, चर्चा झाल्या आणि गोटुले पुन्हा उभी राहिली, मेंढ्यात आणि इतर गावांतही. त्याच गावाला पुढे २००९ साली वनहक्क कायद्याखाली सुमारे १८०० हेक्टर रानावरील सामूहिक हक्क मिळाला, तो देशातील पहिल्या अशा हक्कांपैकी एक. बांबूचा वाहतूक परवाना स्वतः देण्याचा अधिकार २०११ मध्ये आला. वृत्तपत्रांनी याला वनव्यवस्थापनाची गोष्ट मानले, ती तशी आहेच. पण तिची सुरुवात एका घराच्या डागडुजीच्या हट्टातून झाली होती, हे विसरता कामा नये.

वाळवी लागते, खांब कुजतो, खांब बदलावा लागतो. गोटूल शंभर वर्षांचे आहे असे म्हणताना त्यातील एकही लाकूड शंभर वर्षांचे नसते. ते टिकते, कारण खांब बदलण्याचा हक्क आणि तो कसा रोवायचा याचे ज्ञान या दोन्ही गोष्टी गावाकडे असतात. एक काढून घेतली तर दुसरी एका पिढीत मरते. झाडीपट्टीच्या नाटकाचेही असेच. दिवाळीनंतर गावोगावच्या मंडईला रात्र रात्र चालणारी ही नाटके कोणत्याही संग्रहालयाने राखलेली नाहीत, ती देसाईगंज-वडश्याच्या मंडळींनी आणि तिकीट काढून पहाटेपर्यंत बसणाऱ्या शेतकऱ्यांनी राखली आहेत. परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये पद्मश्री मिळाली, ती त्या तिकिटांच्या पुष्कळ नंतर.

मग दगडी वास्तूंचा कायदा नको का? तसे म्हणणे कृतघ्नपणाचे होईल. १९०४ चा आणि नंतर १९५८ चा कायदा नसता तर चंद्रपूरच्या तटाचे चिरे केव्हाच घरांच्या पायांत गेले असते. आणि मार्कंड्याचे शिखर खराट्याने सावरत नाही. तेथे अभियंता हवा, भाराचे गणित हवे, दगडाची परीक्षा हवी. माझी तक्रार वेगळी आहे. कायदा वास्तूला जनतेपासून वाचवतो आणि हे करताना जनतेला पाहुणा करून टाकतो. तिकीट काढावे, पाहावे, निघून जावे. पाहुण्याला घर कोठे गळते ते कळत नाही, आणि कळले तरी कोणाला सांगावे हे कळत नाही. मार्कंड्याच्या पुजाऱ्यांना, नावाड्यांना, यात्रेत दुकान मांडणाऱ्यांना मंदिराची जी माहिती आहे ती कोणत्याही अहवालात उतरलेली माझ्या पाहण्यात नाही. कनिंगहॅम यांनी निदान विचारले होते, वीज केव्हा पडली म्हणून.

हे सारे चांदा-गडचिरोलीचे झाले. आपल्यापैकी ज्यांचे मूळ घर वसईकडे आहे त्यांना हा प्रश्न परका वाटू नये. किल्ल्यातील छप्पर उडालेल्या देवळांकडे (आपले वाडवडील चर्चला देऊळच म्हणत आले) आपण सहलीला जातो. १७३९ च्या मोहिमेनंतर त्यांच्या घंटा मराठ्यांनी नेल्या. त्यांतील एक, १७२१ साली ओतलेली, नाशिकला गोदावरीकाठच्या नारोशंकराच्या मंदिरात टांगली गेली, आणि मोठ्या आवाजाच्या माणसाला ‘नारोशंकराची घंटा’ म्हणण्याची रीत मराठीत रूढ झाली. देवळे पडली, घंटा राहिली. कोणी तरी तिला आपल्या कामाला लावले, पुराची पातळी तिच्यावरून सांगितली, भाषेत तिला जागा दिली. या इतिहासात आपल्याला दुखावणारे काही आहे हे मी नाकारीत नाही. तरीही किल्ल्यातील संरक्षित भिंतींपेक्षा ती परकी झालेली घंटा अधिक जिवंत आहे.

आणि जी देवळे आपल्या हाती राहिली त्यांचे काय? गेल्या काही दशकांत कौले जाऊन स्लॅब आले, शहाबादी जाऊन चकचकीत फरशी आली. जागा अपुरी पडत होती, वाशांना वाळवी लागली होती, हे खरे आहे. मला ठाऊक असलेल्या एका धर्मग्रामात जुने लाकडी अल्तार काढताना ‘नंतर डागडुजी करून पुन्हा बसवू’ असे ठरले होते. ठरवणारांत मीही होतो आणि हात वर करणारांत पहिल्यांपैकी होतो. नवे संगमरवरी अल्तार आले, त्याचा आशीर्वाद झाला, जेवणावळ झाली. कोरीव खांब, वेलबुट्टीच्या पट्ट्या, देवदूतांची दोन तोंडे, हे सारे देवळामागच्या सामानाच्या खोलीत एकावर एक रचून ठेवलेले आहे. त्यांवर क्रमांक घालावेत हे कोणालाच सुचले नाही. कोणता तुकडा कोठे बसतो, हे सांगू शकणारे एक सुतार अजून गावात आहेत. त्यांनी तरुणपणी आपल्या वडिलांबरोबर ते अल्तार एकदा उतरवून, पॉलिश करून, परत चढवले होते. त्यांचे वय आता ऐंशीच्या पुढे आहे आणि गेल्या पावसाळ्यापासून ते जिना चढत नाहीत.